अनुभव म्हणजे वेतन नव्हे

चित्रपटव्यवसायातील कामगारांचा प्रश्न निघाला म्हणजे आपल्या डोळ्यांसमोर मुंबईचे स्टुडिओ येतात, तेथील कामगार संघटनांचे फेडरेशन येते आणि थकलेल्या वेतनासाठी ऑक्टोबर २००८ मध्ये त्या फेडरेशनने पुकारलेला संप आठवतो. परंतु या व्यवसायाला एक असाही तळ आहे, की जेथे संघटना नाही, हजेरीपट नाही आणि बहुतेक वेळा वेतनही नाही. हा तळ म्हणजे स्वतंत्र लघुपट. डिजिटल कॅमेरा आवाक्यात आल्यापासून लघुपट काढणारे गावोगाव निर्माण झाले. पुण्याच्या पेठांपुरती मर्यादित असलेली ही हौस आता तळवडे, रुपीनगर, चिखली, भोसरी, चाकण अशा कामगारवस्त्यांतही पोहोचली आहे. ही गोष्ट आनंदाची आहे, याविषयी वाद नाही. ज्यांच्या जीवनाकडे पडद्याने कधी पाहिले नाही, त्यांच्या हाती पडद्याचे साधन येणे हे सांस्कृतिक लोकशाहीचे एक पाऊलच होय.

तथापि या लघुपटांच्या मागे जे हात राबतात, त्यांची कारकीर्द किती दिवसांची असते, हा प्रश्न कोणी विचारीत नाही. दिवे उचलणारा, माइकची काठी डोक्यावर धरून उभा राहणारा, क्लॅप देणारा, सामान टेम्पोत चढवणारा आणि उतरवणारा हा तरुण वर्ष-दीड वर्ष दिसतो आणि मग नाहीसा होतो. त्याच्या जागी दुसरा येतो. ‘त्याला चिकाटी नव्हती’, ‘त्याच्यात खरी तळमळ नव्हती’ असे त्याच्या माघारी म्हटले जाते. माझे म्हणणे असे, की या अल्पायुषी कारकिर्दीचे कारण त्या तरुणाच्या स्वभावात नसून लघुपटाच्या जमाखर्चात आहे. आणि तो जमाखर्च समाजवादी कार्यकर्त्याने अवश्य वाचला पाहिजे.

यंत्राला भाडे, माणसाला आभार

लघुपटाचा खर्च कागदावर मांडला तर काय दिसते? कॅमेऱ्याचे दिवसाचे भाडे आहे. भिंगांचे भाडे निराळे, त्यावर डिपॉझिट निराळे. दिव्यांचे भाडे आहे, जनरेटर लागला तर त्याचे आहे, टेम्पोचे आहे. वडापाव आणि चहा यांचे आहे. संकलनासाठी लागणाऱ्या संगणकाचे आहे. चित्रपट तयार झाल्यावर महोत्सवांच्या आणि स्पर्धांच्या प्रवेशशुल्काचे आहे. यांपैकी कोणीही ‘अनुभवासाठी’ काही देत नाही. कॅमेरा भाड्याने देणारा दुकानदार दिग्दर्शकाला असे कधी म्हणत नाही, की तुझी संहिता फार चांगली आहे, सबब भाडे राहू दे. किंबहुना महागड्या कॅमेऱ्याबरोबर त्याची देखभाल करणारा जो अटेंडंट येतो, त्यालाही रोजचा भत्ता बिनतक्रार मिळतो. कारण तो यंत्राबरोबर आलेला असतो आणि यंत्राचा मालक त्याच्या पाठीशी उभा असतो.

ज्याच्या पाठीशी मालकीची कोणतीही वस्तू नाही, ज्याच्याजवळ केवळ श्रमशक्ती आहे, तोच एकटा या हिशेबातून गळतो. त्याच्या रकान्यात शून्य असते आणि त्या शून्याला ‘अनुभव’ असे नाव दिलेले असते. अर्थशास्त्राच्या पहिल्या वर्गात उत्पादनाचे घटक शिकवले जातात: भूमी, श्रम, भांडवल आणि संयोजन. त्यांपैकी तीन घटकांना मोबदला आणि चौथ्याला आभार, असे उत्पादनाचे शास्त्र मी तरी कोणत्याही पाठ्यपुस्तकात वाचलेले नाही.

हे शून्यही वस्तुतः शून्य नसते. माझ्या परिचयाचा एक तरुण रुपीनगरात राहतो. नाव सांगण्याचे प्रयोजन नाही. तळवड्याच्या एका लहान वर्कशॉपमध्ये तो रोजंदारीवर काम करीत असे. चौदा महिन्यांत त्याने सहा लघुपटांवर काम केले. माइक धरला, दिवे वाहिले. एका लघुपटाचे सबंध ध्वनिमुद्रण त्यानेच पाहिले. पिंपरी-चिंचवडच्या पुष्कळ कारखान्यांना सुट्टी गुरुवारी असते. लघुपटाचे चित्रीकरण तीन दिवस चालले, तर गुरुवार सुट्टीचा आणि उरलेले दोन दिवस खाड्याचे. रोजंदारीवरच्या माणसाला खाडा म्हणजे त्या दिवसाची मजुरी बुडाली. जाण्यायेण्याचे पेट्रोल त्याचे स्वतःचे. एकदा तापलेल्या दिव्याने हात भाजला, तो औषधपाण्याचा खर्च घरच्यांनी केला. तेव्हा या तरुणाचे वेतन शून्य नव्हते, ते उणे होते. वर्कशॉपमध्ये घाम गाळून मिळवलेल्या मजुरीतला एक हिस्सा तो दुसऱ्याच्या लघुपटाच्या निर्मितीला अनुदान म्हणून देत होता. ज्या लघुपटाचे ध्वनिमुद्रण त्याने केले त्याला एका स्पर्धेत रोख पारितोषिक मिळाले. त्यातील छदामही त्याच्याकडे आला नाही. श्रेयनामावलीत त्याचे नाव ‘विशेष आभार’ या सदरात होते. पुढे खाड्यांची संख्या वाढली म्हणून वर्कशॉपमधले काम गेले. आता तो चाकणच्या एका कारखान्यात कंत्राटदारामार्फत बारा तासांच्या पाळीवर जातो. त्याची चित्रपटातील कारकीर्द अशी संपली. तिच्या अंताला कोणताही कलात्मक मतभेद कारणीभूत झाला नाही. हा निव्वळ बेरीज-वजाबाकीचा प्रश्न होता.

‘दिग्दर्शकही गरीबच आहे’

यावर एक आक्षेप येतो आणि तो प्रामाणिक आहे. लघुपट काढणारा काही भांडवलदार नव्हे, तोही कर्ज काढतो, तोही सोसतो. त्याला नफा होत नाही, मग त्याने वेतन द्यायचे कोठून? हा युक्तिवाद आपण ऐकून घेतला पाहिजे, परंतु तो आपल्याला नवा वाटता कामा नये. तळवडे-चिखली-भोसरीच्या पट्ट्यातला प्रत्येक लहान कारखानदार हेच सांगतो: मोठी कंपनी मला दर देत नाही, बिल तीन महिने अडकवते, मग मी कामगाराला किमान वेतन देऊ कोठून, विमा भरू कोठून? त्याचेही म्हणणे सर्वस्वी खोटे नसते. परंतु वरच्याने आपल्यावर टाकलेले ओझे तो खालच्यावर ढकलतो आणि सर्वांत खालच्याला ते ढकलण्यासाठी कोणी उरत नाही.

या साखळीच्या टोकाला काय घडू शकते, ते तळवड्याने पाहिलेले आहे. ८ डिसेंबर २०२३ रोजी येथे वाढदिवसाच्या केकवर लावण्याच्या फुलबाजीसारख्या मेणबत्त्या तयार करणाऱ्या कारखान्याला आग लागली. त्याच दिवशी सहा स्त्रिया जळून मृत्यू पावल्या आणि पुढच्या काही दिवसांत रुग्णालयात हा आकडा वाढत गेला. त्या दुर्घटनेची आणि लघुपटाच्या चित्रीकरणाची बरोबरी मी करीत नाही; तशी बरोबरी करणे त्या स्त्रियांचा अवमान ठरेल. मला एवढेच दाखवायचे आहे, की ‘काम लहान आहे, मालक लहान आहे, सबब नियम नकोत’ हा विचार जेथे रुजतो तेथे माणसाचे मोल आधी कागदावरून आणि मग प्रत्यक्षातून उतरत जाते. चित्रीकरणावरही गच्ची असते, विजेच्या तारा असतात, रेल्वेचे रूळ असतात. अमेरिकेत जॉर्जिया राज्यात फेब्रुवारी २०१४ मध्ये सारा जोन्स ही सत्तावीस वर्षांची कॅमेरा-साहाय्यक रुळांवरील चित्रीकरणात आगगाडीखाली सापडून मरण पावली. रेल्वे कंपनीने रुळांवर चित्रीकरणास परवानगी दिलेली नव्हती. दिग्दर्शकाने सदोष मनुष्यवधाचा गुन्हा पुढील वर्षी कबूल केला आणि तो तुरुंगात गेला. आपल्याकडे अशा प्रसंगी त्या माणसाला कामावर कोणी घेतले होते, येथपासून शोध सुरू करावा लागेल. कारण त्याच्या नावाचा कोणताही कागद अस्तित्वात नसेल.

कायद्याच्या चाळणीतून

‘कायदा नाही काय?’ असे साथी विचारतील. कायदा होता. चित्रपट कामगारांच्या सेवाशर्तींविषयीचा अधिनियम संसदेने १९८१ साली केला. लेखी करारनाम्यावाचून कोणालाही कामावर घेता येणार नाही आणि तो करारनामा नोंदवला पाहिजे, अशी त्यात तरतूद होती. तीन चित्रपटांवर काम केलेल्या कामगाराला भविष्यनिर्वाह निधीचा लाभही त्याने देऊ केला होता. परंतु हा अधिनियम ज्या चित्रपटांना लागू होता त्यांची व्याख्या ‘पूर्ण लांबीचा कथापट’ अशी होती. म्हणजे माणसाचा हक्क चित्रपटाच्या लांबीवर अवलंबून! दोन तासांच्या चित्रपटासाठी माइक धरणारा कामगार, आणि तोच माइक तितकेच तास वीस मिनिटांच्या चित्रपटासाठी धरणारा मात्र कोणीच नव्हे.

आता तो अधिनियम राहिला नाही. २१ नोव्हेंबर २०२५ पासून चार श्रमसंहिता अमलात आणल्या गेल्या आणि चित्रपट कामगारांचा विषय व्यावसायिक सुरक्षितता, आरोग्य व कार्यस्थिती यांविषयीच्या संहितेत गेला. तीत ‘दृक्-श्राव्य कामगार’ अशी नवी संज्ञा आहे आणि कथापटाखेरीज इतर चित्रपट, मालिका, जाहिराती, डिजिटल निर्मिती हे सर्व तीत धरले आहे. लेखी करारनाम्याचे कलमही ठेवलेले आहे. ही सुधारणा आहे, हे मान्य करण्यात कमीपणा नाही. परंतु सुरक्षिततेची आणि आरोग्याची कर्तव्ये ज्या ‘आस्थापने’वर बसवली आहेत, तिची व्याख्या दहा किंवा अधिक कामगारांची आहे. लघुपटावर काम करणारे असतात सात-आठ, आणि त्यांतील निम्मे ‘मित्र’ म्हणून आलेले. एका हाताने द्यायचे आणि व्याख्येच्या हाताने काढून घ्यायचे, ही या संहितांची रीत येथेही दिसते. कारखान्यांतील कामगारांबाबत आपण जो आक्षेप घेत आलो, तोच येथे लागू आहे.

आणि ज्याला वेतनच द्यायचे नाही असे आधी ठरले, त्याचे काय? वेतनविषयक संहितेतील कर्मचारी म्हणजे वेतनावर नेमलेला माणूस. वेतन नाही म्हणून कर्मचारी नाही, आणि कर्मचारी नाही म्हणून वेतन नाही! चाकणच्या कारखान्यांत शिकाऊ उमेदवारांच्या नावाखाली पूर्ण उत्पादन काढून घेतले जाते, याविरुद्ध आपण बोलतो. परंतु १९६१ च्या शिकाऊ उमेदवार अधिनियमाने त्या उमेदवाराला कामगार म्हटले नाही, तरी विद्यावेतन बंधनकारक केले. लघुपटावरचा ‘शिकणारा’ त्या पायरीच्याही खाली उभा आहे. १९८२ साली एशियाडच्या बांधकाम मजुरांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने एक महत्त्वाचे तत्त्व सांगितले: किमान वेतनापेक्षा कमी मोबदल्यात करावे लागणारे काम हे संविधानाच्या २३ व्या कलमाने निषिद्ध केलेले सक्तीचे श्रम होत, आणि सक्ती ही केवळ दंडुक्याची नसते, ती परिस्थितीचीही असते. लघुपटावर कोणी दंडुका घेऊन उभे नसते हे खरे. परंतु या क्षेत्रात शिरण्याचा दुसरा दरवाजाच ठेवायचा नाही आणि मग ‘तो आपखुशीने आला’ असे म्हणायचे, हा आपखुशीचा विपर्यास नव्हे काय?

एका फिल्म कंपनीचे कामगार

चित्रपटात हे असेच चालायचे, कलेच्या प्रांताचा हाच धर्म आहे, असे सांगणाऱ्यांनी आपल्याच इतिहासाकडे पाहावे. तळवड्याच्या शेजारी देहू आहे. देहूच्या तुकोबांवरचा ‘संत तुकाराम’ हा चित्रपट प्रभात फिल्म कंपनीने १९३६ साली काढला आणि १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. त्याचे दिग्दर्शक विष्णुपंत दामले आणि साहेबमामा फत्तेलाल हे कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत बाबूराव पेंटरांच्या हाताखाली घडलेले कारागीर होते. १९२९ साली तेथून बाहेर पडून त्यांनी, शांताराम आणि धायबर यांच्यासह, सीतारामपंत कुलकर्णी यांचे भांडवल घेऊन ‘प्रभात’ स्थापन केली. ते भागीदार झाले. प्रभातमध्ये ध्वनिमुद्रणाचे खाते दामल्यांनी सांभाळले. म्हणजे आपल्या रुपीनगरच्या तरुणाचे जे काम, त्याच कामाच्या वाटेने गेलेला माणूस तेथे कंपनीचा धनीही होता आणि तुकोबांच्या चित्रपटाचा दिग्दर्शकही होता. १९३३ साली ‘प्रभात’ पुण्यास आली. तेथे सुतारकामापासून रंगकामापर्यंतची खाती होती आणि त्यांत माणसे पगारावर होती. ती व्यवस्था समाजवादी नव्हती, तिची भलामण मी करीत नाही. परंतु श्रमाला वेतन आणि कसबाला वाटा देऊनही कला जगते, एवढे तिने सिद्ध केले.

लघुपटांपुरते बोलायचे तर स्वतंत्र भारताच्या सरकारने १९४८ साली फिल्म्स डिव्हिजन स्थापन केले. प्रचारकी म्हणून त्याची टिंगल पुष्कळ झाली, आणि काही अंशी ती योग्यही होती. परंतु लघुपटाचा कॅमेरामन, ध्वनिमुद्रक, संकलक हे सर्व तेथे पगारी होते, त्यांना रजा होती, निवृत्तिवेतन होते. त्या संस्थेचे निर्मितीचे काम २०२२ साली राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे सोपवण्यात आले आणि तिचे स्वतंत्र अस्तित्व संपले. सार्वजनिक क्षेत्राने मागे यायचे, आणि त्याने रिकामी केलेली जागा तरुणांच्या फुकट श्रमाने भरून काढायची: उदारीकरणाचा हा परिचित क्रम येथेही चुकलेला नाही.

कोण उरतो?

या व्यवस्थेचा खरा परिणाम वेतनापुरता नाही. जेथे पहिली पाच वर्षे फुकट काम करावे लागते, तेथे टिकतो कोण? ज्याच्या घरी पाच वर्षे बसून खाण्याची सोय आहे तो. ज्याचा फ्लॅट आहे, ज्याचे वडील अजून कमावते आहेत, ज्याच्या बहिणीचे लग्न त्याच्या मजुरीवाचून अडलेले नाही, तो. गुणांची निवड होते असा भ्रम असतो. प्रत्यक्षात ऐपतीची निवड होते, आणि आपल्या समाजात ऐपत ही जात आणि वर्ग यांच्याच रेषांनी वाटलेली आहे. म्हणून कामगारवस्तीवर लघुपट निघतात, त्यांना पारितोषिके मिळतात. पण कामगारवस्तीतला मुलगा माइकच्या काठीपाशीच थांबतो आणि वर्षभरात परत कारखान्याच्या फाटकावर जातो.

येथे नागराज मंजुळे यांचे उदाहरण पुढे केले जाईल. करमाळा तालुक्यातील जेऊरच्या वडार कुटुंबातील या तरुणाने विद्यार्थी असताना काढलेल्या ‘पिस्तुल्या’ या लघुपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, हे सत्य आहे आणि अभिमानास्पद आहे. परंतु एक माणूस तट ओलांडून आला म्हणून तट नाहीसा होत नाही. उलट त्या एकाच्या नावाचा दाखला देऊन बाकीच्या शेकडोंना ‘तुम्हीच कमी पडलात’ असे सांगितले जाते.

दुसरा दाखला श्रमदानाचा. आपल्या चळवळीत हा विशेष जिव्हाळ्याचा. राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात कोणी वेतन मागितले काय, असे वडीलधारे साथी विचारतात. नाही मागितले. परंतु निळू फुले पुण्यात माळ्याची नोकरी करीत कलापथकात वावरले. त्यांची चूल नोकरीवर चालत होती आणि कलापथक कोणा एकाच्या मालकीचे नव्हते. श्रमदानाने खोदलेली विहीर गावाची होते. श्रमदानाने निघालेला लघुपट मात्र एका माणसाच्या नावावर चढतो, त्याच्या पुढच्या कामाचे भांडवल होतो. जेथे फळ खाजगी आहे तेथे श्रम सार्वजनिक म्हणून मागणे हे श्रमदान नव्हे, ती वेठ होय. आणि हे स्पष्टपणे लिहिले पाहिजे, की पुरोगामी विषयांवरचे लघुपटही याच वेठीवर निघत आहेत. कंत्राटी कामगारांच्या शोषणावरील लघुपटात दिवे उचलणाऱ्याला मजुरी न देणे, यापरता उपरोध कोणता?

करावयाचे काय?

मागणी एका वाक्यात मांडता येते: मजुरी द्या, नाही तर वाटा द्या, दोन्ही नाकारता येणार नाही. ज्याच्याजवळ पैसे आहेत त्याने किमान वेतनाच्या खाली न जाता मजुरी द्यावी आणि ती कॅमेऱ्याच्या भाड्याच्या आधी लिहावी. ज्याच्याजवळ खरोखर पैसे नाहीत त्याने चित्रीकरणापूर्वी एका कागदावर लिहून द्यावे, की या लघुपटाचे पारितोषिक, विक्री आणि हक्क यांत काम करणाऱ्या प्रत्येकाचा अमुक भाग राहील. सहकाराच्या महाराष्ट्रात हे अशक्य म्हणणाऱ्याने सहकार हा शब्द तरी उच्चारू नये. आणि जो माणूस जे काम करील, त्या कामापुढेच त्याचे नाव यावे.

दुसरी मागणी शासनाकडे आणि पालिकांकडे. लोकांच्या कराच्या पैशातून ज्या ज्या चित्रपटाला अनुदान अथवा पारितोषिक मिळते, त्याच्या अर्जासोबत काम करणाऱ्यांच्या सह्यांचा वेतनाचा किंवा वाट्याचा कागद जोडणे सक्तीचे असावे. त्यासाठी नवा कायदा नको, नियमात एक ओळ वाढवली की पुरे.

तिसरी मागणी मंडळाची. रोज मालक बदलणाऱ्या कामगाराला संरक्षण देता येत नाही, हा समज महाराष्ट्रानेच खोटा ठरवला आहे. १९६९ च्या माथाडी अधिनियमाने कामगार आणि मालक यांची मंडळाकडे नोंदणी केली, वेतन मंडळामार्फत दिले आणि त्यावरील लेव्हीतून निधी उभा केला. हमालाचे मालक दिवसातून तीनदा बदलत, तरी बाबा आढावांच्या हमाल पंचायतीने त्यांना संघटित केलेच. शेजारच्या कर्नाटकाने २०२४ साली चित्रपटाच्या तिकिटांवर एक ते दोन टक्के उपकर बसवून चित्रपट व सांस्कृतिक क्षेत्रातील कामगारांसाठी कल्याणनिधीचा कायदा केला. महाराष्ट्र, जेथे या देशातला कथापट जन्मला, तो मागे का राहावा?

शेवटची अपेक्षा आपल्याच साथींकडून आहे. पिंपरी-चिंचवड आणि चाकणच्या पट्ट्यात आपली कार्यालये आहेत, युनियनच्या सभा होतात. तेथे कंत्राटी कामगारांचे अर्ज भरताना, या पोरांना विचारा: चित्रीकरणावर किती खाडे झाले, काय मिळाले, काय लिहून दिले? ती माहिती वहीत उतरवा. दहा-बारा जणांची वही झाली की त्यांना एकत्र बसवा. मागणी आधी वहीत येते, मग रस्त्यावर येते. आणि पक्षाच्या वा संलग्न संस्थांच्या कामासाठी यापुढे जो लघुपट काढला जाईल, त्याचा पहिला खर्च मजुरीचा असेल, असा ठराव येत्या बैठकीत करा. इतरांकडे बोट दाखवण्याचा अधिकार आपल्याला त्यानंतरच प्राप्त होईल.